चित्र सुगिनामीत, हक्क मिनातोत

जपानी भाषेत ‘सेइसाकु’ असा उच्चार असलेले दोन शब्द अ‍ॅनिमेच्या, म्हणजे जपानी अ‍ॅनिमेशनच्या, व्यवसायात रोज वापरले जातात. कानाला ते सारखेच ऐकू येतात, लिहिताना मात्र फरक दिसतो: एका शब्दाच्या पहिल्या चित्राक्षराखाली ‘वस्त्र’ या अर्थाचे चिन्ह जास्तीचे असते. वस्त्र असलेला सेइसाकु म्हणजे पैसा उभा करणे, जोखीम घेणे, हक्क बाळगणे आणि कृती बाजारात आणणे. वस्त्र नसलेला सेइसाकु म्हणजे चित्रे काढून, रंगवून, जोडून ती कृती प्रत्यक्ष घडवणे. मराठीत आपण दोन्हींना ‘निर्मिती’ म्हणून मोकळे होतो. टोकियोच्या अ‍ॅनिमे उद्योगाची गेल्या दहा-बारा वर्षांतील भरभराट समजून घ्यायची असेल, तर आकडे पाहण्याआधी हा लिपीतला फरक ध्यानात ठेवलेला बरा, कारण या शहरात वाढलेल्या संपत्तीचे वाटप जवळपास त्याच रेषेवर झालेले आहे.

वाढ झालीच नाही, असे म्हणणे खोटेपणाचे ठरेल. जपानच्या अ‍ॅनिमे निर्मात्यांची संघटना दरवर्षी बाजाराचा आढावा काढते. त्यानुसार २०२३ साली अ‍ॅनिमेशी निगडित एकूण उलाढाल सुमारे ३ लाख ३४ हजार कोटी येन इतकी झाली आणि तिच्यातील निम्म्याहून अधिक, म्हणजे सुमारे १ लाख ७२ हजार कोटी येन, परदेशांतून आले. अ‍ॅनिमे, व्हिडिओ खेळ, मांगा (जपानी चित्रकथा) आणि चित्रपट एकत्र धरले तर जपानची आशय-निर्यात त्या वर्षी ५ लाख ८० हजार कोटी येनांच्या आसपास होती. पोलाद आणि अर्धवाहक या जुन्या मातब्बर उद्योगांच्या पंक्तीत बसणारी ही रक्कम आहे. २०३३ सालापर्यंत ती २० लाख कोटींवर न्यायची, असे सरकारने ठरवले आहे. अ‍ॅनिमेपुरते पाहिले तर या सगळ्याचे केंद्र निर्विवादपणे टोकियो आहे. देशातील दहापैकी आठांहून अधिक अ‍ॅनिमे कंपन्या याच महानगराच्या हद्दीत आहेत.

मात्र ज्याला आपण बाजार म्हणतो त्यात खेळणी, कपडे, संगीत, प्रक्षेपण, जुगारसदृश पाचिंको यंत्रे आणि ऑनलाइन प्रसारण असे सारे काही मोजलेले असते. प्रत्यक्ष चित्रे घडवणाऱ्या कंपन्यांचे उत्पन्न वेगळे काढले, तर तेइकोकु डेटाबँक या पतमापन संस्थेच्या पाहणीनुसार २०२३ साली ते सुमारे ३४ हजार कोटी येन होते. तो तोवरचा उच्चांक होता, हे खरे. पण एकूण उलाढालीच्या तुलनेत तो एक दशांश भरतो. दोन मोजण्यांच्या पद्धती वेगळ्या असल्याने हे प्रमाण काटेकोर धरू नये, तरी चित्र पुरेसे स्पष्ट आहे.

हे वाटप शहराच्या नकाशावरही दिसते. टोकियोच्या तेवीस प्रभागांपैकी पश्चिमेकडच्या सुगिनामी आणि नेरिमा या दोन प्रभागांत अ‍ॅनिमे स्टुडिओंची सर्वांत दाट वस्ती आहे. १९५६ साली स्थापन झालेल्या तोएइ दोगा या कंपनीचा, म्हणजे आजच्या तोएइ अ‍ॅनिमेशनचा, स्टुडिओ नेरिमातील ओइझुमी येथे उभा राहिला, आणि १९६१ साली मांगाकार ओसामु तेझुका यांनी आपली मुशी प्रॉडक्शन ही संस्था त्याच प्रभागात काढली. तेव्हा हा भाग शहराची कड होता. जमीन स्वस्त, भाडी परवडणारी आणि सेइबु व चुओ या रेल्वेमार्गांनी शहराच्या मध्याशी जोडलेली. मोठ्या स्टुडिओतून बाहेर पडलेल्या माणसांनी जवळच छोटे स्टुडिओ काढले. कोणी फक्त पार्श्वभूमी रंगवणारे, कोणी फक्त छायाचित्रण करणारे. काम कागदावर होत असल्याने प्रत्येक दृश्याची चित्रे एका मोठ्या पाकिटात, ‘कट-फुकुरो’मध्ये, भरली जात आणि निर्मिती-सहायक रात्री-अपरात्री गाडी घेऊन ही पाकिटे एका घरातून दुसऱ्या घरात, एका स्टुडिओतून दुसऱ्या स्टुडिओत पोचवीत. अंतर जितके कमी तितकी झोप जास्त, इतका साधा हिशेब या वस्तीच्या मुळाशी होता. संगणक आल्यानंतरही पाकिटे पूर्णपणे नाहीशी झाली नाहीत आणि वस्तीही हलली नाही. सुगिनामीतील कामी-इगुसा स्थानकाबाहेर, सनराइज स्टुडिओने त्याच परिसरात घडवलेल्या एका यंत्रमानवाचा कांस्यपुतळा उभा आहे. ओगिकुबो भागात प्रभागाने अ‍ॅनिमेचे संग्रहालय चालवले आहे आणि त्याला प्रवेशशुल्क नाही.

आता मध्य टोकियोत यावे. मिनातो प्रभागात मोठ्या खाजगी दूरचित्रवाणी वाहिन्या, देन्त्सु ही जाहिरात कंपनी, सोनी आणि बान्दाइ नामको यांची मुख्यालये आहेत. शेजारच्या चियोदात शूएइशा व कादोकावा यांसारखे प्रकाशक आणि तोहो ही चित्रपट कंपनी आहे. अ‍ॅनिमेचा करार होतो तो यांच्यात. एखादी मालिका काढायची ठरली की प्रकाशक, वाहिनी, संगीत कंपनी, खेळणी कंपनी आणि जाहिरात संस्था मिळून ‘सेइसाकु इइन्काइ’, म्हणजे निर्मिती समिती, स्थापन करतात. शब्द अर्थातच वस्त्र असलेला सेइसाकु. समिती ही कंपनी नसते. नागरी कायद्याखालची ती भागीदारी असते. प्रत्येक सभासद ठरलेली रक्कम घालतो, कृतीचा हक्क सर्वांच्या सामाईक मालकीचा होतो आणि स्टुडिओला ठराविक निर्मितीखर्च देऊन काम सोपवले जाते. स्टुडिओने स्वतः पैसे घातले नसतील तर मालिका जगभर गाजली तरी मूळ करारातल्या रकमेपलीकडे त्याच्या हाती सहसा काही येत नाही. जपानच्या १९७०च्या कॉपीराइट कायद्यातही चित्रपटाचा आर्थिक हक्क दिग्दर्शकाकडे वा चित्रकाराकडे न राहता, पुढाकार आणि जबाबदारी घेणाऱ्या निर्मात्याकडे जाईल अशी तरतूद आहे.

या व्यवस्थेतील सर्वांत बोलका शब्द ‘मादोगुचि’ हा आहे. शब्दशः खिडकी, आपल्याकडच्या तिकीटखिडकीच्या अर्थाने. समितीतील प्रत्येक सभासदाला एकेका धंद्याची खिडकी मिळते: एकाकडे संगीत, दुसऱ्याकडे खेळणी, तिसऱ्याकडे परदेशी विक्री. खिडकीवर बसलेला सभासद आलेल्या पैशातून आधी आपले दलाली-शुल्क कापून घेतो, मग उरलेली रक्कम गुंतवणुकीच्या प्रमाणात वाटली जाते. म्हणजे तेथे बसलेल्याला दोनदा मिळते आणि बाहेर उभ्या असलेल्याला एकदाही नाही. स्टुडिओंची खरी तक्रार कमी निर्मितीखर्चाइतकीच या खिडक्यांबद्दल असायला हवी, असे मला वाटते. पण सार्वजनिक चर्चेत ती क्वचितच ऐकू येते.

समितीची पद्धत दुष्टपणातून जन्मली, असा समज मात्र कोणी करून घेऊ नये. १९९०च्या दशकात जपानी अर्थव्यवस्थेचा फुगा फुटल्यानंतर चित्रांच्या भरवशावर कर्ज द्यायला बँका तयार नव्हत्या. मध्यरात्रीनंतरच्या वेळेत अ‍ॅनिमे दाखवायचे तर ती वेळ वाहिनीकडून विकत घ्यावी लागे. दहा मालिकांतील एखादीच चालणार आणि बाकीच्या बुडणार, हे गृहीत धरून पैसा घालणारे कोणीतरी हवे होते आणि समितीने ते काम केले. जोखीम वाटली गेली म्हणून अनेक विचित्र, धाडसी, कोणत्याही हिशेबनीसाने नाकारल्या असत्या अशा मालिका निघू शकल्या. आज जगभरचा तरुण वर्ग ज्या वैविध्यामुळे अ‍ॅनिमेकडे ओढला जातो, त्यातील बराचसा भाग या व्यवस्थेचे फळ आहे. जो बुडीताचा धनी तोच नफ्याचा धनी, हे तत्त्व ऐकायला रास्तही वाटते.

पण बुडीत खरोखर कोण सोसतो? समितीचा सभासद आपला पैसा पंचवीस मालिकांत विभागून घालतो; एक बुडाली तर दुसरी तारते. स्टुडिओचे तसे नसते. वेळापत्रक लांबले, दृश्ये पुन्हा काढावी लागली, माणूस आजारी पडला, तर वाढलेला खर्च ठरलेल्या रकमेतूनच भागवायचा असतो. त्याहून खाली, टेबलाशी बसलेला चित्रकार नगावर काम करतो. एका चित्राच्या हालचालीची टोके दाखवणारे मुख्य चित्र ‘गेंगा’ आणि दोन टोकांमधील हालचाल भरून काढणारी चित्रे ‘दोगा’. नवशिका दोगापासून सुरुवात करतो आणि त्याला एका चित्रामागे साधारण दोनशे येनांच्या आसपास मिळत आले आहेत. महिन्याला पाचशे चित्रे काढली तरी लाखभर येन होतात आणि टोकियोच्या कडेच्या एका खोलीच्या भाड्यातच त्यातील निम्मे जातात. अ‍ॅनिमेटरांच्या संघटनेने २०१५ साली प्रसिद्ध केलेल्या पाहणीत दोगा काढणाऱ्यांचे सरासरी वार्षिक उत्पन्न सुमारे ११ लाख येन होते. नाफ्का या २०२३ साली स्थापन झालेल्या संस्थेच्या पाहणीत व्यवसायातील माणसांचे मासिक कामाचे तास सरासरी २१९ आणि तासाचा मध्यम मोबदला, म्हणजे निम्म्या जणांना ज्याहून कमी मिळते तो आकडा, १,१११ येन निघाला. टोकियोचे किमान वेतन तेव्हा तासाला १,११३ येन होते. निर्यातीत पोलादाच्या पंक्तीत बसणाऱ्या आशय-उद्योगाच्या या शाखेत निम्मी माणसे शहराच्या किमान वेतनाच्याही खाली आहेत, ही जोखीम नव्हे काय? ती कोणत्याही समितीच्या जमाखर्चात दिसत नाही, एवढाच फरक आहे.

याची मुळे जुनी आहेत. १ जानेवारी १९६३ रोजी तेझुकांची पहिली साप्ताहिक दूरचित्रवाणी मालिका सुरू झाली तेव्हा त्यांनी वाहिनीकडून प्रत्यक्ष खर्चापेक्षा कमी किंमत स्वीकारली आणि तूट खेळणी व परदेशी विक्रीतून भरून काढायचे ठरवले. त्यांच्यापुरते हे शहाणपणाचे होते, कारण पात्रांचे हक्क त्यांच्याकडेच होते. नंतरच्या स्टुडिओंच्या वाट्याला ती कमी किंमत आली, हक्क आले नाहीत. तोएइत १९६१पासून कामगार संघटना होती आणि इसाओ ताकाहाता, हायाओ मियाझाकी हे पुढे जगप्रसिद्ध झालेले दोघे दिग्दर्शकही तिच्यात पुढारी होते. परंतु १९७२ साली तेथे कर्मचारी-कपात आणि टाळेबंदी झाली, आणि नोकरीऐवजी कंत्राटाने काम देण्याची रीत व्यवसायभर रुळली. १९७०च्या दशकापासून दोगाचे काम कोरियात, मग फिलिपिन्स आणि चीनमध्ये जाऊ लागले. त्याने खर्च वाचला, पण शिकाऊ माणूस जेथून वर चढत असे ती पहिली पायरीच टोकियोतून उचलली गेली. आज स्टुडिओंकडे कामे वाट पाहत पडलेली असतात आणि कसलेले चित्रकार मिळत नाहीत. हा तुटवडा आभाळातून पडलेला नाही.

सार्वजनिक धोरणाने या बाबतीत काय केले, हे पाहिले की थोडे हसू येते आणि थोडी चीड. २०१३ साली केंद्र सरकारने जपानी संस्कृती परदेशांत पोचवण्यासाठी ‘कूल जपान’ निधी स्थापन केला. दहा वर्षांच्या आत त्याचा संचित तोटा ३ हजार कोटी येनांच्या वर गेला. परदेशांतील दुकाने, वाहिन्या आणि प्रकल्प यांत पैसा घातला गेला. ज्यांच्या हातून तो ‘कूल’पणा उतरत होता त्यांच्या टेबलापर्यंत त्यातले फारसे काही पोचले नाही. टोकियो महानगर सरकारची गोष्ट आणखी गमतीची आहे. शिन्तारो इशिहारा राज्यपाल असताना शहर आपला अ‍ॅनिमे मेळावा भरवीत होते आणि २०१० साली त्याच सरकारने तरुणांच्या संरक्षणाच्या नावाखाली मांगा-अ‍ॅनिमेवर नवे निर्बंध आणणारी दुरुस्ती केली. मोठ्या प्रकाशकांनी मेळाव्यावर बहिष्कार घालून स्वतःचा वेगळा मेळावा जाहीर केला. २०११च्या भूकंपाने दोन्ही रद्द झाले, आणि पुढे २०१४ साली दोन्ही मिळून आजचा ‘अ‍ॅनिमेजपान’ उभा राहिला. एका हाताने ओवाळायचे आणि दुसऱ्या हाताने कान धरायचे, हे सरकारांना सर्वत्र जमते.

तोशिमा प्रभागाने त्या मानाने डोके चालवले. २०१४ साली लोकसंख्येच्या एका बहुचर्चित अभ्यासाने ‘नाहीशी होण्याची शक्यता असलेल्या’ ठिकाणांच्या यादीत टोकियोच्या तेवीस प्रभागांपैकी एकट्या तोशिमाचे नाव घातले. प्रभागाने मग इकेबुकुरो परिसर मांगा-अ‍ॅनिमेभोवती उभा करायला घेतला. तेझुका, फुजिमोतो, अबिको, इशिनोमोरी हे चित्रकार तरुणपणी जेथे राहत होते ती तोकिवा-सो ही लाकडी चाळ १९८२ साली पाडली गेली होती. तिची हुबेहूब प्रतिकृती २०२० साली संग्रहालय म्हणून उघडली. ‘अ‍ॅनिमेट’चे प्रचंड दुकान, महानगर सरकारचे २०२३ सालचे ‘अ‍ॅनिमे टोकियो स्टेशन’, चित्रपटगृहे, पोशाख घालून येणारे चाहते, अशी गर्दी तेथे खरोखर जमली आहे. मात्र हे धोरणही ग्राहकाभोवती रचलेले आहे, कारागिराभोवती नाही. तोकिवा-सोमध्ये ती मंडळी राहू शकली ती तेथील भाडे स्वस्त होते म्हणून. त्या चाळीची प्रतिकृती उभारणे सोपे, तिच्या भाड्याची प्रतिकृती करणे कठीण. आणि खरे सांस्कृतिक धोरण तेच झाले असते.

दुसरी वाट शक्य आहे याचा पुरावा टोकियोबाहेर, क्योतोजवळच्या उजी येथे आहे. १९८१ साली सुरू झालेल्या क्योतो अ‍ॅनिमेशनने चित्रकारांना नगावर न ठेवता पगारावर ठेवले, शिक्षण घरातच दिले आणि २०११पासून स्वतःचे प्रकाशन चालवून मूळ कथेचे हक्कही आपल्याकडे आणले. २०१९च्या जाळपोळीत या स्टुडिओतील ३६ माणसे मारली गेली. तेव्हा जगभरातून आलेली मदत ही त्यांच्या कामाच्या प्रतीला मिळालेली दादही होती. खुद्द टोकियोतही उदाहरणे आहेत. तोएइ अ‍ॅनिमेशनच्या नफ्याचा मोठा वाटा जुन्या मालिकांच्या हक्कांतून येतो. सुगिनामीतील मापा स्टुडिओने २०२२ साली एका मोठ्या मालिकेचा सगळा खर्च समितीशिवाय एकट्याने उचलला. हक्क हाती असलेल्या स्टुडिओला माणसे पगारावर ठेवता येतात, हे या तिघांच्या तुलनेतून स्पष्ट होते. ‘चित्रकारांना जास्त दिले तर धंदा बसेल’ हा युक्तिवाद मग तितका टिकत नाही.

ऑनलाइन प्रसारणाने हा तिढा आपोआप सुटेल, अशी आशा काही वर्षांपूर्वी होती. नेटफ्लिक्सने २०१८पासून काही टोकियो स्टुडिओंशी थेट करार केले आणि २०२१ साली विट स्टुडिओबरोबर चित्रकारांसाठी शिकण्याचा व राहण्याचा खर्च देणारी शाळाही काढली. निर्मितीखर्च वाढला, काही स्टुडिओंत नियमित पगार सुरू झाले, ही चांगलीच गोष्ट आहे. मात्र थेट करारातही हक्क विकत घेणाऱ्याकडे गेले, तर मिनातोऐवजी कॅलिफोर्निया एवढाच पत्ता बदलतो. दरम्यान सोनीने २०२१ साली क्रंचीरोल ही परदेशी प्रसारण सेवा सुमारे ११७ कोटी डॉलरला घेतली आणि २०२४ साली तोहो व कादोकावा यांनी एकेक अ‍ॅनिमे स्टुडिओ आपल्या पंखाखाली घेतला. खिडकीवाल्यांनी आता कारखानेही घ्यायला सुरुवात केली आहे. यातून पगार स्थिर होतीलही. पण छोट्या स्वतंत्र स्टुडिओंची ती पश्चिमेकडची दाट वस्ती, जिच्यातून इतकी विविधता आली, ती कितपत उरेल याची मला शंका आहे.

कायदा थोडा हलला आहे. १ नोव्हेंबर २०२४पासून लागू झालेल्या फ्रीलान्स कायद्याने कामाच्या अटी लेखी देणे आणि पूर्ण केलेले काम ताब्यात आल्यापासून साठ दिवसांत पैसे देणे बंधनकारक केले. तोंडी शब्दावर चालणाऱ्या या व्यवसायात ही मोठी सुधारणा आहे. मात्र मोबदला किती असावा याबद्दल तो कायदा काही बोलत नाही. त्याच्या आदल्या वर्षी आलेल्या उपभोग-कराच्या पावती-पद्धतीने छोट्या कंत्राटी चित्रकारांवर नवा बोजा टाकला होता, हेही विसरता येणार नाही. संयुक्त राष्ट्रांच्या उद्योग व मानवी हक्क कार्यगटाने २०२४च्या अहवालात जपानच्या अ‍ॅनिमे व्यवसायातील कमी मोबदला आणि अति तास यांचा वेगळा उल्लेख केला, तेव्हा हा घरगुती प्रश्न असल्याचे सांगून झटकून टाकणेही अवघड झाले.

माझे म्हणणे असे की टोकियो महानगर सरकारने अनुदान, करसवलत, महोत्सवातील जागा असे जे काही सार्वजनिक पैशातून द्यायचे असेल ते एका अटीवर द्यावे: समितीने स्टुडिओला, त्याने रोख पैसा घातला नसला तरी, हक्कांत किमान ठराविक वाटा दिला पाहिजे आणि खिडक्यांचे दलाली-शुल्क त्या स्टुडिओला उघड केले पाहिजे. काम हीही गुंतवणूक आहे, हे मान्य करण्याची ही साधी रीत आहे. समित्या यामुळे पळून जातील, अशी भीती दाखवली जाईल. पण कसलेले हात त्याच दोन प्रभागांत असताना त्या जाणार कोठे? शिवाय शहराने आपली आकडेवारीही बदलावी. दरवर्षी एकूण उलाढाल जाहीर होते. तिच्याच शेजारी सुगिनामी-नेरिमातील चित्रकाराचे मध्यम उत्पन्न आणि पाच वर्षांनंतर व्यवसायात टिकलेल्यांचे प्रमाण छापले गेले, तर कोणत्या सेइसाकुची वाढ झाली हे नागरिकांना स्वतःच वाचता येईल.

महाराष्ट्राने हे लांबून पाहण्याचे कारण नाही. सप्टेंबर २०२५मध्ये राज्य मंत्रिमंडळाने अ‍ॅनिमेशन, दृश्य परिणाम, खेळ आणि कॉमिक्स या क्षेत्रांसाठी ३,२६८ कोटी रुपयांचे दीर्घ मुदतीचे धोरण मंजूर केले. मुंबई-पुण्यातील स्टुडिओ वर्षानुवर्षे परदेशी चित्रपटांसाठी ठरावीक रकमेवर काम करीत आले आहेत आणि त्यांच्या हाती त्या चित्रपटांचे हक्क जवळजवळ कधीच नसतात. हक्कांबाबत कायदा काही करू शकतो, हे आपल्याकडे २०१२ साली दिसले आहे. कॉपीराइट कायद्यातील त्या दुरुस्तीने गीतकार आणि संगीतकार यांना चित्रपटगृहाबाहेरच्या वापरातील स्वामित्वशुल्काचा असा वाटा दिला, जो करारात सोडून देता येत नाही. रेषा आणि रंग देणाऱ्यांसाठी तशी तरतूद तेव्हा झाली नाही. नव्या धोरणाची नियमावली आखताना, अनुदानाच्या अर्जात ‘हक्क कोणाकडे राहणार’ असा एक रकाना घालायला खर्च काहीच येत नाही.